फी, खोली आणि मार्क ज्यांच्या हातात नाहीत

सातारा,
नवरात्र, पाचवी माळ

चि. ——,

अनेक आशीर्वाद.

नावाची जागा मोकळी ठेवली आहे, कारण चिठ्ठीवर तू नाव लिहिलेलं नाहीस. पुढे ‘यास’ लिहावं की ‘हिस’, तिथेही पेन अडलं. कर्मवीर भाऊराव पाटील जयंतीच्या कार्यक्रमानंतर मुलांनी प्रश्न लिहून टाकलेल्या खोक्यात तुझी चिठ्ठी सापडली, त्याला चार दिवस झाले. वहीचा कागद, चार घड्या, चौदा ओळी. बाकीच्या बहुतेक चिठ्ठ्या एमपीएससीच्या होत्या. तुझी वेगळी होती, समलिंगी किंवा तृतीयपंथी असणं घरापासून लपवण्याबद्दलची. ती मी व्यासपीठावर वाचली नाही. पर्समध्ये ठेवली आणि घरी येऊन तीनदा वाचली. उत्तर कुठे पाठवायचं ते तू लिहिलेलं नाहीस, म्हणून असं उघड लिहिते आहे. तुझ्या गावाचं आणि कॉलेजचं नाव यात येणार नाही.

एकतीस वर्षं मराठी शिकवलं, त्यामुळे आधी लक्षात आली ती क्रियापदं. चौदा ओळींत एकदाही ‘मी गेलो’ नाही की ‘मी गेले’ नाही. ‘मला वाटतं’, ‘माझ्याकडून झालं’, ‘घरी जाणार आहे’, ‘कुणाला सांगू’. आपल्या भाषेत साधं ‘आत्ताच आलो’ म्हणायचं तरी बाई की पुरुष हे सांगावं लागतं. चौदा ओळी ते टाळायचं म्हणजे प्रत्येक वाक्य आधी मनात तपासायचं आणि मग कागदावर उतरवायचं. अशी तपासणी तू वर्गात, मेसमध्ये, आईशी फोनवर बोलताना दिवसभर करत असणार. तो थकवा मला त्या कागदावर दिसला. म्हणून या पत्रात मीही तुझ्यासाठी तशीच क्रियापदं शोधणार आहे. तू मुलगा आहेस, मुलगी आहेस, की या दोन्ही शब्दांत तुझं मन मावत नाही, हे मला माहीत नाही. उत्तर देण्यासाठी ते माहीत असायची गरजही नाही.

तू विचारलं आहेस, “दिवाळीला घरी जाणार आहे. सांगून टाकू का? की आधी रूम पार्टनरला सांगू? आता लपवणं सहन होत नाही.”

या दिवाळीत घरी सांगू नकोस. रूम पार्टनरलाही आत्ता नको.

हे वाचून तुला वाटेल, बाई शेवटी जुन्या वळणाच्याच निघाल्या, गप्प बसा म्हणणाऱ्या. तसं नाही. मी तुला गप्प राहायला सांगत नाही, कुणाला आधी सांगायचं त्याचा क्रम लावायला सांगते आहे. एका कागदावर तीन नावं लिही. तुझी फी कोण भरतं? तुझी खोली कुणाच्या हातात आहे? तुझे मार्क कुणाच्या हातात आहेत? हे लोक वाईट आहेत असं नाही, त्यातले काही तुझ्यावर जीव टाकत असतील. पण घाबरलेल्या माणसाच्या हातात सत्ता असली की तो प्रेमापोटीसुद्धा भलतंच करून बसतो. म्हणून पहिल्यांदा सांगायचं ते ज्याच्या हातात तुझी फी, खोली आणि मार्क यांतलं काहीच नाही, त्याला. तो ऐकून गडबडला, रागावला, तरी तुझं वर्ष बुडत नाही.

हे मी पुस्तकात वाचून सांगत नाही. माझ्या हातात एकदा खोली होती.

मी नऊ वर्षं मुलींच्या वसतिगृहाची रेक्टर होते. १९९८ सालची गोष्ट, संक्रांतीच्या आसपासची. एस.वाय.ला असलेल्या दोन मुली एकाच खोलीत राहायच्या. तिसरीला एकीच्या उशीखाली दुसरीनं लिहिलेलं पत्र सापडलं आणि ते तिनं माझ्याकडे आणून दिलं. मी ते वाचलं. दुसऱ्याचं पत्र वाचू नये हे मी वर्गात मुलांना सांगत असे, तरी वाचलं. त्यात वाईट काही नव्हतं. एक मुलगी दुसरीला लिहीत होती की तू आजारी असताना माझा अभ्यास होत नाही, आणि पुढे आणखी चार ओळी, त्यांवरून सगळं कळत होतं. मी दोघींना बोलावलंसुद्धा नाही. ऑफिसातून दोघींच्या वडिलांना निरोप धाडले. मला वाटलं, मी जबाबदारी पार पाडते आहे.

एकीचे वडील दुसऱ्या दिवशी दुधाच्या गाडीतून आले. त्यांनी ट्रंक खांद्यावर घेतली. मुलगी मागून चालत गेली. जाताना ती माझ्या पाया पडली, कारण वडिलांनी ‘बाईंच्या पाया पड’ म्हणून सांगितलं. दुसरीचं लग्न त्याच मे महिन्यात झाल्याचं कानावर आलं. पुढे तिचं काय झालं मला कळलं नाही.

पहिली मला २०११ मध्ये सातारा स्टँडवर भेटली, पुण्याच्या गाडीच्या रांगेत. तिनंच ओळखलं. पिंपरीकडे एका शिवणकामाच्या कारखान्यात काम करत होती. तिच्या बोलण्यात राग नव्हता. गाडी लागली तेव्हा पिशवी उचलता उचलता एवढंच म्हणाली, “मॅडम, परीक्षेला अडीच महिने राहिले होते.”

त्या वाक्यावर माझ्याजवळ आजही उत्तर नाही. मी तिचं गुपित फोडलं, तिच्या वडिलांना गावात मान खाली घालायला लावली, आणि तिची पदवी घालवली. तिला स्वतःच्या पायांवर उभं करील अशी एकच गोष्ट तिच्याजवळ होती, तीच गेली. कुणाला सांगावं असं तू विचारलंस तेव्हा मला आधी ती रांग आठवली. म्हणून तुझ्या गुपितापेक्षा तुझ्या सेमिस्टरची मला जास्त काळजी वाटते.

तेव्हा मी जे केलं ते आज एखादी रेक्टर करायला गेली, तर तुझ्या बाजूनं बोलायला बरंच काही आहे. २४ ऑगस्ट २०१७ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायाधीशांनी खासगीपणा हा मूलभूत अधिकार मानला आणि आपलं मन कुणाकडे ओढ घेतं हेही त्या खासगीपणात येतं असं म्हटलं. पुढच्याच वर्षी, ६ सप्टेंबर २०१८ ला, दोन सज्ञान माणसांमधला राजीखुशीचा संबंध समलिंगी संबंधांना गुन्हा ठरवणाऱ्या ३७७ कलमातून बाहेर काढला गेला. त्याआधी २००९ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयानं हेच म्हटलं होतं आणि २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं ते पुन्हा उलटवलं होतं. ती मधली पाच वर्षं कॉलेजात असलेल्या मुलांनी कशी काढली असतील, याचा विचार मी तेव्हा केला नाही, आता करते. २०१८ च्या निकालात न्यायमूर्ती इंदू मल्होत्रा यांनी लिहिलं आहे की इतिहासानं या माणसांची आणि त्यांच्या कुटुंबीयांची माफी मागायला हवी. ‘कुटुंबीयांची’ हा शब्द वाचून मी थांबले. ट्रंक खांद्यावर घेऊन गेलेल्या त्या वडिलांचीही माफी मागायची राहिली, हे मला तिथे कळलं.

पण कायदा पाठीशी आला म्हणून घर पाठीशी येतंच असं नाही. लग्नाच्या बाबतीत तर कायदाही अजून आलेला नाही. १७ ऑक्टोबर २०२३ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयानं समलिंगी विवाहाला मान्यता दिली नाही. म्हणजे ‘कायदा आमच्या बाजूनं आहे’ असं म्हणून दिवाळीच्या फराळाच्या ताटावर हा विषय काढलास, तर वाद कायद्याचा होणारच नाही. तो ‘लोक काय म्हणतील’ याचाच होईल. तुझ्या गावात एसटी दिवसातून तीनदा येते आणि कोण उतरलं ते संध्याकाळपर्यंत साऱ्या वाडीला कळतं, असं तूच लिहिलं आहेस. तुझ्या आईवडिलांना तिथेच राहायचं आहे. त्यांचं हे ओझं खरं आहे, आणि ते तुझ्यामुळे आलेलं नाही, हेही तितकंच खरं आहे.

सांगणं हे तुझ्यावरचं कर्ज नाही. आजकाल मोबाइलवर ऐकायला मिळतं की सांगितलं नाही तर तुम्ही स्वतःशी खोटं वागता. मुंबईत स्वतःच्या पगारावर खोली घेऊन राहणाऱ्यानं हे म्हणावं, ते त्याच्यासाठी बरोबर असेल. ज्याची फी कांद्याच्या पट्टीवर अवलंबून आहे, त्याला हे सांगणं मला क्रूरपणाचं वाटतं. तुझं खरंपण तुझ्याजवळच आहे. कुणाला कळलं नाही म्हणून ते कमी होत नाही.

आता रूम पार्टनर. त्याच्या हातात तुझी खोली अर्धी आहे, म्हणून ‘आत्ता नको’ म्हटलं. आधी त्याचं बोलणं ऐक. मेसमध्ये कुणी बायकी चालीच्या मुलाला ‘बायल्या’, ‘छक्का’, ‘मिठा’ म्हटलं की तो हसतो, गप्प बसतो, की ‘जाऊ दे रे, कशाला’ म्हणतो? मुलींच्या वसतिगृहात शब्द वेगळे असतात, कुजबूज तीच. बातमीत, मालिकेत असं कुणी दिसलं की त्याच्या तोंडून काय बाहेर पडतं? महिनाभर ऐकलं की माणूस कळतो. ‘जाऊ दे’ म्हणणारे बऱ्याचदा गर्दीत ओळखू येत नाहीत, पण असतात. आणि पार्टनर तसा असला, तरी पहिला मान त्याला देऊ नकोस. दुसरा दे.

आणि ही चिडवाचिडवी तुझ्यापर्यंत आली तर ती ‘गंमत’ म्हणून गिळू नकोस. प्रवेशाच्या वेळी रॅगिंगविरोधी प्रतिज्ञापत्र तू आणि घरच्यांनीही भरून दिलेलं असणार. बहुतेक मुलं न वाचताच ते भरतात. विद्यापीठ अनुदान आयोगाच्या (यूजीसीच्या) २००९ च्या रॅगिंगविरोधी नियमांत २०१६ साली दुरुस्ती झाली. जात, धर्म, भाषा, गाव, रूप यांच्या जोडीला लिंगभाव आणि लैंगिक कल यांवरून केलेला शारीरिक किंवा मानसिक छळ, दादागिरी, वाळीत टाकणं हेही रॅगिंग आहे, असं त्यात आता आहे. फ्रेशरलाच केलं तर रॅगिंग, असंही नाही. तू कुठल्याही वर्षाला असलीस वा असलास (या एकाच ठिकाणी मला दोन्ही रूपं लिहावी लागली), नियम लागू होतो. तारीख, वेळ, जागा, कोण होतं, नेमके शब्द, हे त्याच रात्री लिहून ठेव. तक्रार लेखी दे आणि पोच घे. राष्ट्रीय हेल्पलाइन १८००-१८०-५५२२ आहे. लैंगिक छळाची गोष्ट असेल तर कॉलेजची अंतर्गत तक्रार समिती असते. ती मुलींसाठीच असते असा समज आहे, पण यूजीसीच्या नियमांत मुलगे आणि तृतीयपंथी विद्यार्थीही छळाचे बळी होतात हे स्पष्ट धरलेलं आहे. तक्रारीत तू स्वतः कोण आहेस हे लिहावं लागत नाही. तुला काय म्हटलं गेलं आणि काय केलं गेलं, एवढं पुरतं. समितीनं ‘पण तू आहेस का तसं?’ असं विचारलं, तर ‘त्याचा तक्रारीशी संबंध नाही’ असं उत्तर दे आणि तो प्रश्नही कागदावर नोंदवायला सांग.

मग पहिलं कुणाला? फी, खोली, मार्क यांतलं काही हातात नसलेलं माणूस कुठे भेटतं? कधी घरातच असतं, पण कडेला. नोकरी करून स्वतःच्या पैशानं राहणारी मावशी, लग्न न केलेला मामा, मुंबईला गेलेली चुलतबहीण. कधी बाहेर. पुण्यात समपथिक ट्रस्टनं २००२ पासून या विषयावर मराठीतून काम केलं आहे. बिंदुमाधव खिरे यांनी ते सुरू केलं, आणि आपल्या भाषेत या गोष्टींसाठी सभ्य शब्द वापरात आणण्यात त्यांचा मोठा वाटा आहे. तुझ्याजवळ शब्द नसतील, तर ते त्या लिखाणात सापडतील. सांगलीला संग्राम ही संस्था १९९२ पासून आहे. वेश्याव्यवसायातल्या स्त्रियांबरोबर तिचं काम सुरू झालं आणि पुढे तृतीयपंथी आणि समलिंगी माणसांपर्यंत पोहोचलं. पुणं साताऱ्याहून शंभर-सव्वाशे किलोमीटर आहे, सकाळी जाऊन रात्री परत येता येतं. परतीच्या गाडीची वेळ बघूनच जा. पहिल्यांदा आपल्यासारखी माणसं भेटली की परत येऊ नये असं वाटतं, असं मला एकानं सांगितलं. परत ये. सबमिशन इथे आहे.

फोनवरून ओळखी होतात, त्याबद्दल उपदेश करणार नाही. एकटेपणात माणूस माणूस शोधणारच. पण सातारा लहान आहे. पोवई नाक्यावरून राजवाड्यापर्यंत चालत जायचं तरी चार ओळखीचे भेटतात. पहिली भेट राजवाड्याच्या चौपाटीवर, हॉटेलात, भर माणसांत असू दे. अजिंक्यताऱ्यावर, कासच्या रस्त्याला, कुणाच्या रिकाम्या फ्लॅटवर नको. चेहरा आणि शरीर एकत्र दिसेल असा फोटो कुणालाही पाठवू नकोस. आणि कुणी ‘घरी सांगतो, पैसे टाक’ म्हणालं, तर एक रुपयाही देऊ नकोस. एकदा दिला की मागणी थांबत नाही. स्क्रीनशॉट ठेव, नंबर ठेव, संभाषण पुसू नकोस. ही खंडणी आहे आणि गुन्हा त्याचा आहे. पैसे गेलेच असतील तर लगेच १९३० ला फोन कर. पोलिसांत जाताना सोबत कुणीतरी ने. त्यासाठीच ते पहिलं माणूस लागतं.

आणखी एक प्रश्न चिठ्ठीच्या अकराव्या ओळीत आहे, म्हणून लिहिते. ‘डॉक्टरकडे जाऊन हे जातं का?’ जात नाही, कारण तो आजार नाही. जागतिक आरोग्य संघटनेनं समलैंगिकता आजारांच्या यादीतून १७ मे १९९० ला काढली. भारतातल्या मानसोपचारतज्ज्ञांच्या संघटनेनंही २०१८ मध्ये तेच सांगितलं. ‘बदलून देतो’ म्हणणारे उपचार करणं हे डॉक्टरचं व्यावसायिक गैरवर्तन आहे, असं मद्रास उच्च न्यायालयाच्या आदेशानंतर नॅशनल मेडिकल कमिशननं २०२२ मध्ये जाहीर केलं. आपल्याकडे काही झालं की मिरजेला न्यायचं ही रीत आहे. उद्या घरचे तुला कुठल्या डॉक्टरकडे घेऊन गेले, तर २०१७ चा मानसिक आरोग्यसेवा कायदा तुझ्या बाजूनं आहे. लैंगिक कलावरून भेदभाव न करता उपचार मिळणं हा त्यात हक्क आहे.

आणि डॉक्टरऐवजी कुणा बाबाकडे, ‘बाहेरचं काढायला’ नेलं तर? हे आपल्या जिल्ह्यात घडत नाही असं मी म्हणणार नाही. डॉ. नरेंद्र दाभोलकर याच साताऱ्याचे. त्यांनी ज्या जादूटोणाविरोधी कायद्यासाठी आयुष्य घालवलं, तो त्यांच्या खुनानंतर २०१३ मध्ये झाला. भूत उतरवण्याच्या नावाखाली बांधून ठेवणं, मारहाण करणं, चटके देणं हा त्यात गुन्हा आहे. ही वेळ तुझ्यावर येऊ नये. पण आली तर मुकाट सोसू नकोस.

मन खचलेलं असेल तर मात्र डॉक्टरकडे, समुपदेशकाकडे जरूर जा. ‘सहन होत नाही’ हे शब्द मी हलके धरलेले नाहीत. त्यात जगणं नको वाटण्याचा विचार असेल, कधीतरी रात्री येऊन जात असेल, तर पत्र इथेच बाजूला ठेव आणि १४४१६ ला फोन कर. टेलिमानस नावाची ती सरकारी सेवा आहे, फुकट, रात्री-बेरात्री, मराठीतून बोलता येतं. हा फोन करण्यासाठी कुठलाही क्रम लावू नकोस. रूम पार्टनर जागा असला तर त्यालाही उठव. तिथे माझा वरचा सगळा सल्ला रद्द समज.

तुझी गोष्ट ‘कुणाकडे मन ओढतं’ याची नसून ‘मी कोण आहे’ याची असेल, तर काही कागदांचं बोलायला हवं. १५ एप्रिल २०१४ ला सर्वोच्च न्यायालयानं तृतीय लिंगाला कायदेशीर ओळख दिली. २०१९ चा ट्रान्सजेंडर व्यक्तींच्या हक्कांचा कायदा १० जानेवारी २०२० पासून लागू झाला आणि त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात राष्ट्रीय पोर्टल सुरू झालं. ओळखीचं प्रमाणपत्र जिल्हाधिकारी देतात. या कायद्याचे नियम बदलत असतात, म्हणून कुणाचं ऐकून किंवा माझं वाचून नव्हे, अर्ज करायच्या दिवशी जो नियम लागू असेल तो स्वतः वाचून पाऊल टाक. पदवीच्या प्रमाणपत्रावर जुनं नाव छापलं गेलं की पुढे ते बदलायला हेलपाटे पडतात. ते करायचंच असेल तर शेवटच्या वर्षाच्या आत विद्यापीठाच्या परीक्षा विभागात चौकशी कर. वसतिगृहाचा प्रश्न मोठा आहे, मुलांचं की मुलींचं? मुंबईच्या टाटा समाजविज्ञान संस्थेनं २०१७ मध्ये लिंगभावाचं बंधन नसलेलं वसतिगृह सुरू केलं. आपल्याकडे ती सोय कधी होईल ती होवो, तोवर स्वतंत्र खोलीसाठी प्राचार्यांना लेखी अर्ज करता येतो.

आपल्या भागातल्या माणसांना हे काही अगदी नवं नाही. यल्लमाच्या यात्रेत लुगडं नेसलेल्या जोगत्याच्या पायावर आपलेच लोक डोकं ठेवतात, आणि तोच माणूस स्टँडवर दिसला की तोंड फिरवतात. शेजारच्या सोलापूर जिल्ह्यात, माळशिरस तालुक्यातल्या तरंगफळ गावानं २०१७ मध्ये ज्ञानदेव कांबळे या तृतीयपंथी व्यक्तीला सरपंच म्हणून निवडून दिलं. गावानं मतं दिली. माझ्या मनात जेव्हा ‘खेड्यात हे कुणाला पटणार’ असं येतं, तेव्हा मी ते गाव आठवते.

याच साताऱ्यात १९२४ साली भाऊराव पाटलांनी सगळ्या जातींची मुलं एका छपराखाली राहायला आणि एका पंगतीला जेवायला बसवली. त्या मुलांच्या पोटासाठी लक्ष्मीबाईंनी अंगावरचे दागिने मोडले, शेवटी मंगळसूत्रही. जयंतीच्या भाषणात मी हे सांगत होते, तेव्हा खोक्यात तुझी चिठ्ठी पडलेली होती. ते छप्पर तुझ्यासाठीही असायला हवं होतं. १९९८ मध्ये मी ते दोघींच्या डोक्यावरून काढून घेतलं, आणि म्हणून मला त्या भाषणाचा हक्क आहे का, असं त्या दिवशी घरी येताना वाटत राहिलं.

दिवाळीला जा. चार दिवस आईच्या हातचं खा, झोप काढ. लग्नाचा विषय निघालाच तर ‘शिक्षण होऊ दे, मग बघू’ एवढं उत्तर पुष्कळ आहे, सगळी मुलं तेच देतात. येताना दहावी-बारावीची गुणपत्रकं, शाळा सोडल्याचा दाखला, जातीचा दाखला, आधार यांच्या प्रती घेऊन ये आणि फोनमध्येही ठेव. बँकेचं खातं तुझ्या एकट्याच्या नावावर नसेल तर ते कर. कॉलेजात ‘कमवा व शिका’ योजना असेल तर नाव घाल. पैसे थोडे मिळतील, पण ते तुझे असतील, आणि तीन नावांच्या त्या कागदावर ‘फी’ समोरचं नाव हळूहळू बदलायला लागेल. ज्या दिवशी तिथे तुझं स्वतःचं नाव येईल, त्या दिवशी घरी सांगायचं की नाही ते तू ठरव. तेव्हा मी ‘नको’ म्हणणार नाही. हवं तर तुझ्यासोबत एसटीत बसून गावाला येईन, तुझ्या आईशी बोलायला.

दर गुरुवारी चार ते सहा मी नगर वाचनालयात असते. खिडकीजवळच्या टेबलावर, जुनी मासिकं घेऊन. ये आणि समोर बस. चिठ्ठी तुझीच होती हे सांगायची गरज नाही. एखादं मासिक उघडून वाच, उठून जा. माझ्या हातात आता कुणाची खोलीही नाही आणि मार्कही नाहीत.

आणि परीक्षेचा फॉर्म भरून झाला का? विलंब शुल्काविना तारीख कुठली आहे ते उद्या नोटीस बोर्डावर बघ.

तुझ्या बाई